रोमच्या कमानी आणि खोडलेली नावे

रोमच्या फोरममध्ये सेप्टिमियस सेव्हेरस या सम्राटाची तीन दारांची विजयकमान उभी आहे. इ. स. २०३ मध्ये, पार्थियनांवरील विजयाचे स्मारक म्हणून ती उभारली गेली, तेव्हा तिच्या माथ्यावरील लेखात सम्राटाबरोबर कॅराकॅला आणि गेटा या त्याच्या दोन्ही पुत्रांचा गौरव होता. २११ साली सेव्हेरस वारला आणि ते वर्ष सरण्यापूर्वीच कॅराकॅलाने धाकट्या भावाचा, आईच्या देखत, खून करविला. पाठोपाठ साम्राज्यभर गेटाचे नाव पुसण्याची मोहीम सुरू झाली. कमानीवरील लेखाच्या चौथ्या ओळीतली ब्राँझची अक्षरे उपटण्यात आली, संगमरवर छिन्नीने तासला गेला आणि रिकाम्या झालेल्या जागी उरलेल्या पितापुत्रांची स्तुती बसविण्यात आली. मात्र जुनी अक्षरे ज्या खिळ्यांनी जडविली होती, त्यांची छिद्रे राहून गेली. त्या छिद्रांवरूनच अभ्यासकांनी गेटाचे नाव पुन्हा वाचले. सम्राटाच्या आज्ञेपेक्षा खिळ्याचे भोक अधिक टिकाऊ ठरले!

तेथून थोड्याच अंतरावर सराफांनी आणि गुरांच्या व्यापाऱ्यांनी २०४ मध्ये त्याच राजकुलासाठी उभारलेले एक लहानसे प्रवेशद्वार आहे. खरे म्हणजे त्याला कमानही नाही, वर सपाट तुळईच आहे. आत एका बाजूस सेव्हेरस आणि त्याची राणी यज्ञवेदीपाशी उभी आहेत. राणीच्या शेजारी खरवडलेली रिकामी जागा. तेथे गेटा होता. समोरच्या बाजूस कॅराकॅला एकटा दिसतो. त्याची पत्नी आणि सासरा यांच्याही आकृती छिन्नीखाली गेल्या. राजकृपेसाठी पदरचा पैसा खर्चणाऱ्या व्यापाऱ्यांना कोणत्या वर्षी कोणाचे तोंड खरवडावे लागेल, याची काय कल्पना असणार?

ही पद्धत पडली कशी, हेही पाहण्याजोगे आहे. इ. स. पूर्व १९६ मध्ये लुशियस स्टर्टिनियस हा सेनानी स्पेनमधून लूट घेऊन परतला. विजयाच्या मिरवणुकीचा मान मिळावा म्हणून त्याने खटपटही केली नाही. लुटीच्या पैशातून त्याने स्वतःच शहरात कमानी बांधून टाकल्या. रोममधील अशा कमानींची ही सर्वांत जुनी नोंद होय. म्हणजे ज्यांना पुढे विजयकमानी हे नाव पडले, त्यांच्या मुळाशी न निघालेली मिरवणूक आहे. चौथ्या शतकातील याद्यांत शहरातील संगमरवरी कमानींची संख्या ३६ दिली आहे. त्यांपैकी नाव घेण्याजोग्या तीनच मोठ्या कमानी आज उभ्या आहेत: टायटसची, सेव्हेरसची आणि कॉन्स्टंटाइनची.

पाचरीच्या आकाराचे दगड अर्धवर्तुळात रचले की ते एकमेकांना रेटून धरतात, ही युक्ती रोमनांनी गटारांसाठी, पुलांसाठी आणि दूरवरून पाणी आणणाऱ्या जलसेतूंसाठी वापरली होती. स्मारकात तीच युक्ती भिंत नसलेल्या दरवाजाच्या रूपाने रस्त्यावर उभी राहिली. दर्शनी भागावरचे डौलदार खांब सारा भार पेलीत असल्याचा भास होतो. वस्तुतः भार पेलते ती कमान, खांब दिमाखापुरते. वरचा आडवा भाग लेखासाठी आणि त्याही वर ब्राँझचे रथ. ते रथ केव्हाच नाहीसे झाले.

टायटसची कमान त्याच्या मृत्यूनंतर, इ. स. ८१ च्या सुमारास, भाऊ डोमिशियनच्या कारकीर्दीत झाली. इ. स. ७० मध्ये टायटसने जेरुसलेम जिंकून तेथील मंदिर उद्ध्वस्त केले होते. कमानीच्या आतील शिल्पात सैनिक त्या मंदिरातला सात शाखांचा दीपवृक्ष खांद्यावरून वाहून नेत आहेत. टायटसची आणखी एक कमान सर्कस मॅक्सिमस या रथशर्यतींच्या मैदानात होती. त्याच्यापूर्वी जेरुसलेम कोणीच जिंकले नव्हते, असे तिच्यावर कोरलेले होते. हे धडधडीत असत्य होते; सुमारे सव्वाशे वर्षांपूर्वी पाँपी या रोमन सेनापतीनेच ते शहर घेतले होते. ती कमान पडली, पण कोण्या जुन्या प्रवाशाने लेखाची नक्कल उतरून घेतल्यामुळे असत्य तेवढे शिल्लक राहिले.

उभ्या असलेल्या कमानीखालून जाणे ज्यू लोक परंपरेने टाळीत आले. १९४७ मध्ये पॅलेस्टाइनच्या फाळणीचा ठराव संयुक्त राष्ट्रसंघाने संमत केल्यावर रोममधील ज्यू समाज मुद्दाम याच कमानीपाशी जमला आणि १९४९ मध्ये इस्राएलने राजचिन्ह स्वीकारले, ते याच शिल्पातील दीपवृक्षाच्या रूपात. लुटीची फुशारकी म्हणून जे कोरले, तेच लुटल्या गेलेल्यांच्या वंशजांना आपला दीपवृक्ष दाखविणारा पुरावा म्हणून उपयोगी पडले.

मुंबईच्या वाचकाला याचे फारसे नवल वाटू नये. रोमन विजयकमानीच्याच कुळातले, पण गुजरातच्या शिल्पशैलीचा साज ल्यालेले गेटवे ऑफ इंडिया पंचम जॉर्जच्या १९११ मधील आगमनाच्या स्मरणार्थ बांधले गेले आणि १९२४ मध्ये खुले झाले. २८ फेब्रुवारी १९४८ रोजी त्याच दरवाजातून ब्रिटिश फौजेची अखेरची पलटण बाहेर पडली. राजाच्या आगमनाचा लेख मात्र कोणी तासून काढला नाही. हे योग्यच झाले. तो खरवडला असता, तर पलटण ज्या दारातून गेली ते दार कोणाचे होते, हे समजण्याची सोय राहिली नसती.

जुने दगड जपण्याचा प्रामाणिक मार्ग व्हॅलाडिये या वास्तुशिल्पीने १८२१ मध्ये दाखविला. मध्ययुगात टायटसची कमान एका सरदार घराण्याच्या गढीत चिणली गेली होती. गढी काढताच ती ढासळण्याच्या बेतास आली. व्हॅलाडियेने ती उतरवून पुन्हा रचली आणि हरवलेले भाग संगमरवराऐवजी साध्या चुनखडी दगडात, कोरीव कामाविना बसविले. जुने कोणते आणि नवे कोणते, हे आजही नुसत्या डोळ्यांना कळते.

कॉन्स्टंटाइनची रीत याच्या नेमकी उलट होती. ३१२ मध्ये मिल्व्हियन पुलाच्या लढाईत त्याने मॅक्सेंटियसचा पराभव केला. ही लढाई रोमनांची रोमनांशीच होती. म्हणून ३१५ च्या कमानीवर शत्रूचे नाव नाही, नुसता ‘जुलमी’ असा उल्लेख आहे. शिल्पे ट्रेजन, हेड्रियन आणि मार्कस ऑरेलियस यांच्या स्मारकांतून आणून डकविली, चेहरे तासून कॉन्स्टंटाइनचे केले. जागोजाग नवी शिल्पेही आहेत. त्यांचा ओबडधोबडपणा राफाएलच्याही डोळ्यांत सलला होता.

याच कमानीपाशी १० सप्टेंबर १९६० च्या रात्री रोम ऑलिंपिकची मॅरेथॉन संपली. मुसोलिनीच्या फौजांनी १९३५ मध्ये इथिओपियावर आक्रमण केले होते आणि पुढे अक्सुमचा प्राचीन शिलास्तंभ रोमला आणून उभा केला होता. तो परत जाण्यास २००५ साल उजाडावे लागले. शर्यतीचा मार्ग त्या स्तंभावरून जात होता. मशालींच्या उजेडात सर्वांत पुढे आला तो इथिओपियाच्या सम्राटाच्या अंगरक्षक दलातला शिपाई अबेबे बिकिला. त्याने २ तास १५ मिनिटे १६.२ सेकंदांत कॉन्स्टंटाइनची कमान गाठली, आणि त्याच्या पायांत बूट नव्हते.