यादीत नाव आहे, नियुक्ती कुठे आहे?

स्पर्धा परीक्षेचा अंतिम निकाल लागतो, निवड यादीत नाव येते, गावात अभिनंदनाचे फलक लागतात. मग महिने उलटतात, नियुक्तीपत्र येत नाही आणि उमेदवार वकील गाठतो. यादीत नाव असणे म्हणजे नोकरीचा हक्क नव्हे, असे तिथे त्याला ऐकवले जाते. हे खरे आहे, पण ही कायद्याची अर्धीच बाजू झाली. दुसरी बाजू सरकारला बांधून ठेवते, आणि तीच सोयीस्करपणे विसरली जाते.

हक्क कुठपर्यंत?

लोकसेवा आयोग शिफारस करतो, नियुक्ती सरकार देते. बहुतेक वाद या दोन टप्प्यांच्या मधल्या काळात जन्माला येतात. हरियाणात दिवाणी न्यायाधीशांच्या १५ जागा होत्या. ४५ टक्के गुणांची अट ४० उमेदवारांनी पूर्ण केली. सरकारने मात्र ५५ टक्क्यांच्या वरचे पहिले सातच नेमले. मागे राहिलेल्यांनी दाद मागितली. रिकाम्या जागा भरल्याच पाहिजेत असे बंधन सरकारवर नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७३ मध्ये सांगितले. मात्र यादीतला वरचा क्रमांक डावलून खालच्याला नेमता येणार नाही, हेही त्याच निकालातून स्पष्ट झाले.

शंकरसन दाश खटल्यात १९९१ मध्ये पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने हे तत्त्व पक्के केले. यादीतल्या नावाने नियुक्तीचा अबाधित हक्क मिळत नाही. पण म्हणून सरकारला मनमानीचा परवानाही मिळत नाही. जागा न भरण्याचा निर्णय प्रामाणिक हवा, त्यामागे योग्य कारण हवे आणि जागा भरायच्या तर गुणवत्ताक्रम पाळायला हवा.

प्रतीक्षा यादीचेही असेच आहे. निवड झालेला उमेदवार रुजू झाला नाही, तर तिचा उपयोग. जाहिरातीतल्या जागा भरल्यानंतर पुढे निघणाऱ्या जागांवर त्या यादीतून हक्क सांगता येत नाही. कारण त्या नव्या जागांसाठी दरम्यान पात्र झालेल्या मुलामुलींनाही समान संधी मिळायला हवी. संविधानाच्या १४व्या आणि १६व्या अनुच्छेदांचा तोच अर्थ आहे.

नियम मध्येच बदलले तर?

राजस्थान उच्च न्यायालयाने २००९ मध्ये अनुवादकांच्या १३ जागांची जाहिरात दिली. २१ उमेदवारांनी परीक्षा दिली. त्यानंतर ७५ टक्के गुणांची अट आली आणि तिघेच पात्र ठरले. या तेजप्रकाश पाठक प्रकरणात घटनापीठाने नोव्हेंबर २०२४ मध्ये स्पष्ट केले की, मूळ नियमांत किंवा जाहिरातीत तशी मुभा नसेल, तर भरती सुरू झाल्यावर पात्रतेचे निकष बदलता येत नाहीत. जागा रिकाम्या असताना यादीतल्या उमेदवाराला मनमानीने नाकारता येत नाही, हेही पीठाने बजावले. तत्त्व उमेदवारांच्या बाजूचे ठरले, पण ते ठरेपर्यंत पंधरा वर्षे गेली.

महाराष्ट्राने हा विलंब जवळून पाहिला आहे. राज्यसेवा २०१९ परीक्षेचा अंतिम निकाल जून २०२० मध्ये लागला. ४१३ जणांची शिफारस झाली. सप्टेंबरमध्ये सर्वोच्च न्यायालयाने मराठा आरक्षणाच्या कायद्याला स्थगिती दिली आणि त्या प्रवर्गाबाहेरच्या उमेदवारांच्याही नियुक्त्या रखडल्या. मे २०२१ मध्ये तो कायदा रद्द झाला, तोवर ही मुले निवड होऊनही बेरोजगार होती.

नियुक्ती मिळाली तरी निवडप्रक्रियाच सदोष असेल, तर ती टिकत नाही. एप्रिल २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पश्चिम बंगालमधली २०१६ची शालेय भरती रद्द ठरवण्याचा उच्च न्यायालयाचा निर्णय कायम ठेवला. पंचवीस हजारांहून अधिक नोकऱ्या गेल्या. गुणांत फेरफार, क्रमांक डावलून नेमणुका असा गैरप्रकार इतका खोल होता की प्रामाणिक शिक्षकांनाही त्याची किंमत मोजावी लागली.

दाद मागताना

महाराष्ट्रात राज्य सेवांतील अशा वादांसाठी आधी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे, म्हणजे मॅटकडे जावे लागते. तिथल्या निकालाविरुद्ध उच्च न्यायालयात जाता येते. साधारणपणे एका वर्षाच्या आत अर्ज करायचा असतो. ज्यांची निवड रद्द व्हावी अशी मागणी आहे, त्यांना प्रतिवादी करावे लागते. त्यांचे म्हणणे ऐकल्याशिवाय त्यांची नोकरी काढून घेता येत नाही. शिवाय निवडीच्या पद्धतीवर आक्षेप असेल तर तो वेळीच नोंदवावा. मुकाट्याने मुलाखत देऊन निवड न झाल्यावर त्याच पद्धतीला आव्हान दिले, तर न्यायालये सहसा ऐकत नाहीत.

पण उमेदवाराने सगळे नीट केले तरी गेलेली वर्षे परत मिळत नाहीत. म्हणून जबाबदारी आधी सरकारची आहे. जाहिरातीपूर्वी जागांची आणि आरक्षणाची गणिते चोख करावीत, निकालानंतर नियुक्तीची मुदत जाहीर करावी, आणि जागा भरायची नसेल तर त्याचे कारण उमेदवाराला लेखी कळवावे. १९९१ पासून न्यायालय हेच कारण विचारत आले आहे. ते सांगायला सरकारने खटल्याची वाट पाहू नये.