दहा पडद्यांवरचा स्वाभिमान

सिनेमा म्हटला की एक पडदा आणि अंधारात एका जागी बसलेले प्रेक्षक, एवढेच आपल्याला ठाऊक. पण लंडनचे कृष्णवर्णीय कलावंत आयझॅक ज्युलियन यांनी २०१९ साली दहा पडद्यांचे चित्र उभे केले. नाव ‘लेसन्स ऑफ द अवर’, म्हणजे या घडीचे धडे. एका दालनात लहानमोठे दहा पडदे टांगलेले, आणि माणसाने त्यांच्यासमोर फिरत पाहायचे. एकावर नजर ठेवावी तर दुसऱ्यावर वेगळेच घडत असते. अशा कलाकृतीला मांडणशिल्प म्हणतात.

ज्युलियन यांचा जन्म १९६० सालचा. आईवडील कॅरिबियन बेटांतील सेंट लुशियाहून लंडनला आलेले. १९८३ साली पोलीस ठाण्याच्या दारात गोळी लागून एका २१ वर्षांच्या कृष्णवर्णीय तरुणाचा मृत्यू झाला. तो कसा झाला, असा सवाल करीत लोक रस्त्यावर आले. शिकत असतानाच ज्युलियन यांनी त्यावर चित्रफीत केली. तेव्हापासून त्यांचा कॅमेरा आपल्या माणसांकडे वळला तो वळलाच.

दहा पडद्यांवर कथा आहे फ्रेडरिक डग्लस यांची. अमेरिकेत गुलामीत जन्मलेला हा माणूस १८३८ साली निसटला, चोरून वाचायला शिकलेला होता, पुढे थोर वक्ता झाला. त्या काळी गोरे लोक गुलामाचे चित्र काढीत ते दात विचकून हसणारे, जणू तो बेडीतच सुखी! डग्लस यांनी यावर उपाय शोधला. छायाचित्राची कला नवी होती. ते नीट कोट घालून, न हसता, करारी नजरेने कॅमेऱ्यासमोर बसत. त्यांची १६० च्या वर छायाचित्रे आहेत. एकोणिसाव्या शतकात इतकी दुसऱ्या कुणा अमेरिकनाची नाहीत, असे अभ्यासक सांगतात.

ज्युलियन त्यांच्या पत्नी अ‍ॅना यांना विसरत नाहीत. घरकाम करून साठविलेले पैसे त्यांनी पतीच्या सुटकेसाठी दिले, पुढे जोड्यांची शिलाई करून संसार ओढला. पडद्यावर त्या शिवणकाम करताना दिसतात. मध्येच २०१५ सालच्या बाल्टिमोरमधील निदर्शनांची दृश्ये येतात. जुना धडा अजून संपलेला नाही, हे वेगळे सांगावे लागत नाही.

हा लढा आपल्याला परका नाही. जोतीराव फुले यांनी १८७३ साली ‘गुलामगिरी’ हा ग्रंथ अमेरिकेतील गुलामांना मुक्त करणाऱ्या सदाचारी लोकांनाच अर्पण केला होता.

आमचे म्हणणे एवढेच : दुसऱ्याने काढलेल्या चित्रात आपण कसे दिसतो, हे तोच ठरवितो. आज आपल्या हाती मोबाईल आहे. कामावरून दमून आलेल्या आईचा, म्हाताऱ्या आजीचा एक नीट फोटो काढा. त्यामागे तिचे नाव, साल आणि तिने आयुष्यभर केलेले काम लिहून ठेवा. नातवंडांना तो इतिहास होईल.