विश्लेषण : खेळातला हार्वेस्टर शेतात मध्येच का थांबतो?

गहू पिवळा झाला, हार्वेस्टर शेतात उतरवला, मदतनीस नेमला आणि खेळाडू दुसऱ्या शेताच्या नांगरटीला लागला. थोड्या वेळाने नकाशा उघडून पाहावे तर निम्मे शेत उभे आणि हार्वेस्टर जागच्या जागी थांबलेला. ‘फार्मिंग सिम्युलेटर’ खेळणाऱ्यांची ही नेहमीची तक्रार. अशा वेळी बहुतेक जण खेळ बंद करून पुन्हा सुरू करतात किंवा आणखी मोठा हार्वेस्टर विकत घेतात. त्याने क्वचितच काही साधते. कारण बहुतेक वेळा थांबलेल्या यंत्रात बिघाड नसतोच. अडचण त्याच्या आधीच्या किंवा नंतरच्या कामात असते. ती शोधायची कशी?

खेळ काय आहे, मदतनीस कोण?

‘फार्मिंग सिम्युलेटर’ ही स्वित्झर्लंडच्या जायंट्स सॉफ्टवेअर या कंपनीची खेळमालिका. पहिला खेळ २००८ मध्ये आला, तर ‘फार्मिंग सिम्युलेटर २५’ हा १२ नोव्हेंबर २०२४ रोजी. जमीन, बियाणे, खत, यंत्रे, कर्ज, बाजारभाव असा शेतीचा सगळा व्यवहार यात खेळाडूला सांभाळावा लागतो. खऱ्या कंपन्यांचे ट्रॅक्टर आणि हार्वेस्टर चालवायला मिळतात, हे त्याचे मोठे आकर्षण.

शेते वाढली की एकट्याने सगळे होत नाही. तेव्हा मदतनीस नेमता येतो. संगणकावर ‘एच’ हे बटण दाबले की यंत्राचा ताबा तो घेतो. तो कामावर असेपर्यंत त्याची मजुरी खेळाडूच्या खात्यातून कापली जाते.

मदतनीस काय करतो, काय करत नाही?

गैरसमजाचे मूळ इथे आहे. कापणीवर नेमलेला मदतनीस शेतात सरळ पट्टे मारतो, टोकाला वळतो आणि पुढचा पट्टा धरतो. धान्य बाजारात पोहोचवणे, ट्रॉली बोलावणे, पिकानुसार यंत्राचे पाते बदलणे ही कामे तो आपणहून करत नाही. २०२१ मध्ये आलेल्या ‘फार्मिंग सिम्युलेटर २२’ पासून ‘अमुक ठिकाणी जा’, ‘माल पोहोचव’ अशी कामेही त्याला नकाशावरून सांगता येतात. पण ती स्वतंत्र कामे आहेत आणि प्रत्येक काम वेगळे सांगावे लागते. म्हणजे स्वयंचलित असते ते कापणीतले एक काम. सगळी सुगी नव्हे.

कापणी सुरूच होत नसेल तर?

पहिल्यांदा पीक पाहावे. लांबून पिवळे दिसणारे शेत तयार असतेच असे नाही. नकाशावर पिकाच्या वाढीची स्थिती रंगांनी दाखवलेली असते. त्यात ‘कापणीस तयार’ असे दिसल्याशिवाय यंत्र सुरू करून उपयोग नाही.

दुसरे हवामान. पावसात गहू, सोयाबीन, मका यांची मळणी खेळात होत नाही. पाऊस थांबल्यावरही थोडा वेळ पीक ओले मानले जाते. हा दोष नाही, खेळाचा नियम आहे. बटाटा, बीट यांसारख्या कंदपिकांच्या काढणीला मात्र ही अट नसते.

तिसरे, यंत्राच्या पुढचे पाते. गहू-सोयाबीनचे पाते मक्याला चालत नाही, मक्याचे गव्हाला चालत नाही. दुकानात प्रत्येक पात्याखाली ते कोणत्या पिकांना चालते याची चित्रे असतात. ती पाहूनच खरेदी करावी.

चौथे कारण पटकन ध्यानात येत नाही. हार्वेस्टरच्या टाकीत आधीच्या पिकाचे थोडे दाणे उरले असतील तर दुसऱ्या पिकाची कापणी होत नाही. गव्हाच्या शेतातून थेट सोयाबीनमध्ये गेलेले यंत्र अशा वेळी नुसतेच उभे राहते. टाकी पूर्ण रिकामी केली की अडचण संपते.

मध्येच थांबला तर?

मध्येच थांबण्याचे सर्वात मोठे कारण म्हणजे भरलेली टाकी. टाकी भरत आली की टपावरचा दिवा फिरू लागतो. ती पूर्ण भरली की मदतनीस थांबून ट्रॉलीची वाट पाहतो. पाइपाखाली ट्रॉली आणून धान्य उतरवले की तो पुन्हा चालू लागतो. उतरवूनही धान्य पडत नसेल तर ती ट्रॉली त्या पिकासाठी आहे का, तिच्यात आधीचे दुसरे धान्य आहे का आणि तिचे झाकण उघडे आहे का, हे पाहावे.

इथे थोडा हिशेब करून पाहू. समजा, हार्वेस्टरची टाकी १२ मिनिटांत भरते आणि ट्रॉलीत एक टाकी धान्य मावते. ट्रॉलीला बाजारात जाऊन यायला २० मिनिटे लागतात. म्हणजे दर फेरीत हार्वेस्टर १२ मिनिटे चालतो आणि ८ मिनिटे उभा राहतो. आता तेवढ्याच टाकीचा, पण ८ मिनिटांत ती भरणारा वेगवान हार्वेस्टर घेतला तर? तो १२ मिनिटे उभा राहील. २० मिनिटांत धान्य तेवढेच निघेल, कर्ज मात्र वाढेल. त्याऐवजी जुन्याच हार्वेस्टरला दुसरा ट्रॅक्टर आणि ट्रॉली जोडली तर सरासरी दर १० मिनिटांनी एक ट्रॉली हजर होते आणि हार्वेस्टरला थांबावे लागत नाही. खेळातले बरेच पैसे या एका चुकीच्या खरेदीत अडकतात.

दुसरे कारण अडथळ्याचे. विजेचा खांब, झाड, कुंपण किंवा आपणच शेताच्या कडेला उभी केलेली ट्रॉली वाटेत आली की मदतनीस काम सोडतो आणि तसा संदेश पडद्यावर येतो. वळणाच्या जागेत कोणतेही वाहन उभे न करणे हा त्यावरचा सोपा उपाय.

तिसरे कारण इंधन. मदतनिसाने इंधन आपोआप विकत घ्यावे की नाही, याचा पर्याय सेटिंगमध्ये असतो. तो बंद असेल तर टाकी संपताच काम थांबते.

‘काम पूर्ण’ म्हणतो, तरी पट्टे उभेच?

मदतनीस शक्यतो सरळ रेषेत चालतो, शेत मात्र नेहमी चौकोनी नसते. तिरप्या बांधाचे, नदीकाठचे किंवा मध्येच झाड असलेले शेत त्याला नेहमीच नीट उमगते असे नाही. पट्टा मध्येच तुटला की शेत संपले असे तो समजू शकतो आणि कोपऱ्यात पाचरीसारखे तुकडे उरू शकतात.

यावर जुन्या खेळाडूंचा एक उपाय आहे. शेताच्या चारी बाजूंनी आधी दोन फेऱ्या स्वतः माराव्यात. त्यामुळे वळायला मोकळी जागा होते. मग सर्वात लांब बाजूला समांतर असे यंत्र उभे करून मदतनीस नेमावा. यंत्राचे तोंड तिरके असेल तर सगळे पट्टे तिरके पडतात. दोन शेते जोडून एक केली असतील तर मधला बांध पूर्ण नांगरला आहे का, हेही पाहावे. अरुंद न नांगरलेली पट्टीसुद्धा मदतनिसाला शेताची हद्द वाटते.

उसाचे गणित वेगळे का?

या मालिकेत ऊस आला तो ‘फार्मिंग सिम्युलेटर १७’ च्या प्लॅटिनम आवृत्तीत, २०१७ मध्ये. कापल्यावर तो पुन्हा फुटतो, म्हणजे खोडवाही घेता येतो. पण ऊसतोडणी यंत्राला धान्याच्या हार्वेस्टरसारखी मोठी टाकी नसते. उसाच्या कांड्या थेट शेजारून चालणाऱ्या ट्रॉलीत पडतात. ट्रॉली बाजूला झाली की तोडणी थांबते. त्यामुळे उसात मदतनीस एकटा कधीच पुरत नाही. एकाने यंत्र चालवायचे आणि दुसऱ्याने ट्रॉली बरोबरीने न्यायची.

कोल्हापूर, सांगली, सोलापूरकडच्या वाचकांना हे सांगायला नको. ऊसतोडणी यंत्राबरोबर फडात इनफिल्डर चालतो आणि तो वेळेवर रिकामा होऊन आला नाही तर लाखोंचे यंत्र फडातच ताटकळते. खेळाने ही गोष्ट खऱ्या शेतातूनच उचलली आहे.

थांबलेल्या वेळाची किंमत काय?

खेळाच्या मूळ सेटिंगमध्ये एक महिना एका दिवसात संपतो. म्हणजे ज्या पिकाला कापणीसाठी दोन महिने आहेत, त्याला खेळातले दोनच दिवस मिळतात. मुदत उलटली की पीक वाळून जाते आणि हाती काही लागत नाही.

त्यात आणखी एक मेख आहे. खेळातल्या काळाचा वेग वाढवला तर घड्याळ धावते, यंत्र मात्र त्याच वेगाने चालते. मदतनिसाचे काम लवकर उरकावे म्हणून काळ पळवणारे खेळाडू प्रत्यक्षात कापणीची मुदत कमी करतात. कापणीच्या दिवसांत काळाचा वेग कमीत कमी ठेवावा आणि एका महिन्याचे दिवस सेटिंगमधून वाढवून घ्यावेत.

‘कोर्सप्ले’, ‘ऑटोड्राइव्ह’ने प्रश्न सुटतो का?

बराचसा सुटतो. खेळाडूंनीच तयार केलेली ही दोन मोफत जोडणी, म्हणजे मॉड. ‘कोर्सप्ले’ शेताचा आकार पाहून कडेच्या फेऱ्यांसह पूर्ण मार्ग आखते आणि हार्वेस्टर ठरावीक टक्के भरला की ट्रॉलीला बोलावते. ‘ऑटोड्राइव्ह’ शेतापासून बाजारापर्यंत वाहने नेते. दोन्ही एकत्र वापरली तर कापणी ते विक्री ही साखळी जवळजवळ आपोआप चालते.

मात्र ती संगणकावरच चालतात. कन्सोल आणि मोबाइलवर ती मिळत नाहीत. शिवाय रस्त्यांचे जाळे आधी नोंदवलेले असावे लागते. त्यात एक दुवा सुटला तर ट्रॉली रस्त्यातच अडते आणि पुन्हा हार्वेस्टर उभा. खेळाची नवी दुरुस्ती आल्यावर मॉड जुने राहिले तरी गडबड होते. अशा वेळी सर्व मॉड बंद करून, एकेक सुरू करत पाहावे. खेळाच्या फोल्डरमधील ‘लॉग’ या फाइलमध्येही कोणत्या मॉडने चूक केली ते लिहिलेले असते.

तपासणीचा क्रम कोणता?

यंत्र थांबले की आधी पडद्यावरचा संदेश वाचावा. मग याच क्रमाने जावे : पीक तयार आहे का, पाऊस आहे का, पाते योग्य आहे का, टाकीत जुने किंवा पूर्ण भरलेले धान्य आहे का, ट्रॉली जागेवर आहे का, वाटेत अडथळा आहे का, इंधन आहे का. हे सगळे ठीक असेल तरच मॉडवर किंवा खेळावर संशय घ्यावा. मोबाइलवरच्या आवृत्तीत सोयी कमी असल्या तरी क्रम हाच ठेवता येतो.

नवे यंत्र घेण्याआधी एक पूर्ण कापणी बसून पाहावी आणि हार्वेस्टर किती वेळ चालला, किती वेळ उभा राहिला, एवढे मोजावे. उभे राहण्याचा वेळ जास्त भरला तर पैसे हार्वेस्टरवर न घालता ट्रॉलीवर घालावेत.