सोनोग्राफीला जाण्यापूर्वी



घरच्या माणसाचं पोट दुखत होतं, म्हणून आम्ही पहाटेच्या एस.टी.नं नाशिकला गेलो. स्टँडवर उतरून दोघांनी चहा घेतला. दवाखान्यात पहिलाच प्रश्न, "सकाळपासून काही खाल्लं-प्यायलं का?" चहा झाला म्हणताच उद्याची वेळ मिळाली. ऐन तोडणीत दिवस गेला, भाडंही गेलं. ही पाळी आपल्यावर येऊ नये म्हणून चार गोष्टी सांगतो.

सोनोग्राफी ध्वनिलहरींवर चालते. तिच्यात क्ष-किरण नसतात, दुखत तर नाहीच. पित्ताशय पाहायचे असेल तर ६ ते ८ तास उपाशी राहावे लागते. दुधाचा चहासुद्धा पोटात गेला की पित्ताशय आकसते आणि खडा असला तरी नजरेतून सुटू शकतो. मूत्राशय किंवा प्रोस्टेट पाहायचे तर गोष्ट उलटी. तासभर आधी ४-५ ग्लास पाणी प्यावे आणि लघवी रोखून धरावी. म्हणून चिठ्ठी घेतानाच विचारावे, "उपाशी यायचं, की पाणी पिऊन?" मधुमेहाची गोळी वा इन्शुलिन त्या सकाळी घ्यायचे का, हेही डॉक्टरांनाच विचारावे. जुने रिपोर्ट पिशवीत ठेवावेत.

आणखी एक. गरोदर सुनेला नेलंत, तर बाळाची वाढ नीट आहे ना, एवढंच विचारा. मुलगा की मुलगी, हे विचारू नका. गर्भलिंगनिदानाविरुद्ध देशातला पहिला कायदा आपल्या महाराष्ट्राने १९८८ साली केला. १९९४ साली तो देशभरासाठी झाला. विचारणारा आणि सांगणारा, दोघेही त्यात गुन्हेगार ठरतात.