काळ्या दोऱ्याची करामत

१९३३ साली जेम्स व्हेलचा ‘द इन्व्हिजिबल मॅन’ आला. वेल्सच्या कादंबरीवर बेतलेल्या या चित्रपटातला शास्त्रज्ञ औषध घेऊन अदृश्य होतो, त्याच औषधाने माथेफिरू होतो, आगगाडी दरीत ढकलतो. नटाला काळ्या मखमलीत गुंडाळून काळ्याच पडद्यासमोर उभं करायचं, वर कपडे चढवायचे आणि ते चित्रण दुसऱ्यात मिसळायचं, ही जॉन फुल्टनची करामत.

चारच वर्षांत तो अदृश्य माणूस मुंबईत पोचला. विजय भट्ट यांच्या ‘ख्वाब की दुनिया’मध्ये (१९३७) सुरतेहून आलेल्या बाबूभाई मिस्त्रींनी काळ्या दोऱ्याने वस्तू हलवून दाखवल्या आणि त्यांचं नावच ‘काला धागा’ पडलं. पुढे याच बाबूभाईंनी ‘संपूर्ण रामायण’ (१९६१) केला. जत्रेतल्या तंबूत पौराणिक चमत्कार पाहून हात जोडणाऱ्यांना कुठे ठाऊक, की ते दाखवणारा कारागीर एका विलायती भयपटाच्या वाटेने इथवर आलाय! या वारशातलं मला सर्वांत मोलाचं वाटतं ते हेच.

भय मात्र वाटेत गळलं. अशोककुमारचा ‘मिस्टर एक्स’ (१९५७), किशोरकुमारचा ‘मिस्टर एक्स इन बॉम्बे’ (१९६४) आणि मग शेखर कपूरचा ‘मिस्टर इंडिया’ (१९८७). तिकडचा अदृश्य माणूस सत्तेने पिसाळला. इकडचा अनाथ पोरांना सांभाळणारा, भाडं थकलेला साधा माणूस. तो दिसेनासा झाला तेव्हा कुठे त्याच्या हाती बळ आलं.

कुरुळीत हा फरक चटकन कळतो. पुणे-नाशिक महामार्गालगतच्या या गावात चाकणच्या कारखान्यांत कंत्राटावर राबणारी पोरं खोल्या करून राहतात. तीन-चार जणांत एक खोली, नाइट शिफ्ट करून आलेला दिवसा झोपतो. ठेकेदार बदलला की गेटपास बदलतो. माणूस तोच, पण कुणाच्या हिशेबात नाही. अशा माणसाला अदृश्य होण्याचं भय कसलं वाटणार? त्याला ‘मिस्टर इंडिया’च हवा.

तरीही व्हेलचं भय आता परत आणायला हवं, असं मला मनापासून वाटतं. इथल्या शेडमध्ये वेल्डिंगला रोबो आले आहेत. यंत्राचा वेग ठरवणारा लाइनवरच्या पोराला कधी दिसत नाही, आणि पिसाळण्याइतकी ताकद आता त्या वेग ठरवणाऱ्याकडे आहे. तो अदृश्य माणूस मला मराठी पडद्यावर पाहायचा आहे, चाकणच्या बोलीत, आणि शक्यतो काळ्या दोऱ्यावरच.