चिपचा कारखाना: पैसा कुणाचा, पाणी कुणाचं, काम कुणाला?

नाशिकच्या द्वारकेहून तुमची गट समन्वयक बोलतेय. बचत, कर्ज, हप्ता हे आपले नेहमीचे विषय आज जरा बाजूला ठेवू. निफाड तालुक्यातल्या एका गटाच्या बैठकीत एका ताईंनी विचारलं, "टीव्हीवर सारखं सेमीकंडक्टर, सेमीकंडक्टर चाललंय. कारखाना गुजरातला गेला म्हणून भांडत होते, तो नक्की कशाचा कारखाना? आणि आपल्या पोरींना तिथं काम आहे का?" प्रश्न रास्त आहे. त्यात आपलाही पैसा लागलेला आहे, म्हणून आजचं बोलणं त्यावरच.

आधी वस्तू ओळखू. बँक सखीकडचं अंगठा लावायचं मशीन, एसटीतलं तिकिटाचं मशीन, इलेक्ट्रॉनिक वजनकाटा, सोलर पंपाचा कंट्रोलर, मोबाइल, नवीन वीजमीटर, या सगळ्यांच्या पोटात नखाएवढा काळा चौकोनी तुकडा असतो. तीच चिप. ती बनते सिलिकॉनपासून, आणि सिलिकॉन मिळतं वाळूच्या जातीच्या खनिजापासून. ते वितळवून, अतिशुद्ध करून त्याचा जाड दांडा ओढतात आणि काकडीच्या चकत्या कराव्यात तशा त्याच्या पातळ तबकड्या कापतात. मोठी तबकडी ३०० मिलिमीटर व्यासाची, म्हणजे जेवणाच्या ताटाएवढी. तिच्यावर प्रकाशाने नक्षी छापायची, रसायनाने कोरायची, वर नवा थर द्यायचा, पुन्हा छापायचं. असं करत करत एक तबकडी तयार व्हायला दोन-तीन महिने लागतात. एका तबकडीतून शेकडो, कधी हजारो चिपा निघतात.

हा सगळा धंदा द्राक्षाच्या हिशोबाने बघितला तर चटकन समजतो. द्राक्षात तीन वेगळी माणसं पैसे कमावतात. नवीन वाण शोधणारा रॉयल्टी घेतो, बागाईतदार बाग उभी करतो आणि पॅकहाउसवाला माल निवडून, पेट्या भरून पाठवतो. चिपमध्येही तसंच. एक कंपनी नक्षी आखते. तिच्याकडे कारखाना असेलच असं नाही, आणि या कामात आपल्या देशातले इंजिनिअर भरपूर आहेत. दुसरी कंपनी तबकडीवर छपाई करते, त्या कारखान्याला फॅब म्हणतात. तिसरी तबकडी कापून, एकेक चिप तपासून तिला पाय जोडते आणि वेष्टनात बंद करते. वर्तमानपत्रात सरसकट "चिपचा कारखाना" लिहितात, पण बाग आणि पॅकहाउस यांत जेवढा फरक, तेवढाच यातही आहे. तेव्हा बातमी आली की पहिलं हे बघायचं, यातलं नक्की कोणतं येतंय.

आता पैशाचं. गुजरातेत धोलेरा इथे टाटा आणि तैवानची पीएसएमसी मिळून फॅब उभारत आहेत. केंद्र सरकारने त्याला २९ फेब्रुवारी २०२४ ला मंजुरी दिली. खर्च ९१,००० कोटी रुपये आणि क्षमता महिन्याला ५०,००० तबकड्या. हा आकडा डोक्यात मावत नाही, म्हणून गटाच्या वहीत मांडतो तसा मांडू. या धंद्यात मशीन लवकर जुनं होतं, तेव्हा समजा पाच वर्षांत पैसा वसूल करायचा आहे. म्हणजे वर्षाला १८,२०० कोटी, रोजचे जवळजवळ ५० कोटी. वीज, पगार, व्याज अजून धरलेलंच नाही. कारखाना पूर्ण चालला तर वर्षाला सहा लाख तबकड्या. भागाकार केला की एका तबकडीवर फक्त भांडवलाचेच तीन लाख रुपये बसतात. आणि ऑर्डर कमी आल्या, कारखाना निम्माच चालला, तर? तीनाचे सहा लाख होतात. हा माझा ढोबळ हिशोब आहे, कंपनीचा नाही, पण या धंद्याची गोम त्यात कळते. तुमची पापडाची मशीन आठवडाभर बंद राहिली तर हप्ता जड जातो. यांची एक दिवसही बंद ठेवणं परवडत नाही. फेब्रुवारी २०२१ मध्ये अमेरिकेच्या टेक्सास राज्यात थंडीच्या लाटेने वीज तुटली आणि सॅमसंगचा तिथला फॅब बंद पडला, तो पुन्हा सुरळीत व्हायला कित्येक आठवडे गेले.

त्यात भावाची गंमत बघा. लासलगावच्या बाजाराशेजारी राहणाऱ्या बायकांना ती वेगळी सांगायला नको. कांद्याला भाव चढला की सगळे कांदा लावतात आणि सगळ्यांचा माल एकदम आला की भाव पडतो. चिपचंही तसंच होतं. २०२१ मध्ये जगभर चिपांची टंचाई होती. महिंद्राचा आपल्या नाशकात कारखाना आहे हे तुम्हाला माहीतच आहे. चिपा नाहीत म्हणून सप्टेंबर २०२१ मध्ये कंपनीला आपल्या वाहन विभागात सुमारे सात दिवस उत्पादन बंद ठेवावं लागलं. कारखाना बंद म्हणजे सुटे भाग पुरवणारे छोटे वर्कशॉप बंद आणि तिथल्या रोजंदारीवरच्या माणसाची चूलही थंड. मग दोन वर्षांतच उलटं झालं. मेमरी चिपांचा माल एवढा साचला की अमेरिकेच्या मायक्रॉन कंपनीला २०२३ च्या आर्थिक वर्षात ५८० कोटी डॉलरच्या वर तोटा झाला. कांदा निदान चाळीत ठेवता येतो, फॅबचं व्याज कुठल्या चाळीत ठेवणार?

म्हणूनच सरकारने हात दिल्याशिवाय हा कारखाना जगात आज फारसं कुणी उभारत नाही. अमेरिकेनेही २०२२ मध्ये कायदा करून ५,२०० कोटी डॉलरच्या वर रक्कम यासाठी काढली. तैवानमध्ये १९८७ साली टीएसएमसी सुरू झाली तेव्हा जवळजवळ निम्मं भांडवल तिथल्या सरकारचं होतं. आज दुसऱ्यांसाठी चिपा छापून देण्याच्या जगभरच्या धंद्यात निम्म्याहून जास्त वाटा त्या एका कंपनीचा आहे. आपणही पूर्वी प्रयत्न केला होता. पंजाबात मोहालीला सरकारी कारखाना १९८० च्या दशकात सुरू झाला आणि १९८९ मध्ये तिथे मोठी आग लागली. त्यानंतर आपण जे मागे पडलो, ते पडलोच. डिसेंबर २०२१ मध्ये केंद्राने नवीन योजना आणली, ७६,००० कोटींची. केंद्र प्रकल्पाच्या खर्चाचा निम्म्यापर्यंत भाग देतं, वर राज्य आपलं घालतं. गुजरातने साधारण २० टक्के घातले. म्हणजे १०० रुपयांतले ७० सरकारचे.

हे ७० रुपये कुणाचे, हे बचतगटाच्या बाईला समजावून सांगायची गरज नाही. साबणापासून डिझेलपर्यंत कर आपण भरतोच. मग त्याचा हिशोब मागू. गुजरातेत साणंदचा मायक्रॉनचा कारखाना घ्या. तो पॅकहाउसच्या जातीचा आहे, छपाईचा नाही. खर्च २२,५१६ कोटी आणि थेट नोकऱ्या सुमारे ५,००० सांगितल्या आहेत. ७० टक्के म्हणजे १५,७६१ कोटी. भागिले ५,००० केलं की एका थेट नोकरीमागे सरकारचे तीन कोटी पंधरा लाख. आता आपली बाजू बघा. अन्नप्रक्रिया उद्योगाच्या केंद्राच्या योजनेत आपल्याला खर्चाच्या ३५ टक्के अनुदान मिळतं, तेही जास्तीत जास्त १० लाख. गटातल्या सदस्येला बीजभांडवल ४०,००० रुपये. त्या एका नोकरीच्या पैशांत पावणेआठशेच्या वर बायकांना बीजभांडवल झालं असतं. आणि ते ४०,००० मिळवायला आपण किती कागद जोडतो, किती चकरा मारतो, ते राहू द्या.

पण नुसता हा एक भागाकार करून मोकळं होणं मला पटत नाही. नोकऱ्या मोजून धरण बांधत नाहीत, धरणाखाली किती रान भिजतं ते बघतात. मोबाइल, गाडी, पंप, दवाखान्यातली मशीनं यांची किल्ली दोन-तीन देशांच्या हातात राहिली, तर २०२१ सारखी वेळ पुन्हा येऊ शकते. शिवाय कारखान्याभोवती वायू, रसायनं, सुटे भाग, दुरुस्ती असं गावच्या गाव वसतं. माझं मत विचाराल तर सरकारने पैसा घालावा, पण शिस्तीने घालावा. माल निघेल तसा हप्ता द्यावा आणि नोकऱ्यांचा हिशोब दरवर्षी जाहीर करावा. आपल्या गटाकडून उपयोगिता प्रमाणपत्र मागतातच ना?

आता भांडणाची गोष्ट. वेदांता आणि फॉक्सकॉन या कंपन्यांचा दीड लाख कोटींच्या वरचा प्रकल्प पुण्याजवळ तळेगावला येणार अशी चर्चा होती. सप्टेंबर २०२२ मध्ये त्यांनी गुजरातशी करार केला आणि इकडे मोठा गदारोळ झाला. पुढचं मात्र फार जणांच्या लक्षात नाही. जुलै २०२३ मध्ये फॉक्सकॉननेच त्यातून अंग काढून घेतलं आणि तो कारखाना गुजरातलाही झाला नाही. नंतर सप्टेंबर २०२४ मध्ये आपल्या राज्य सरकारने पनवेलजवळ तळोज्याला अदानी आणि इस्रायलच्या टॉवर कंपनीच्या ८३,९४७ कोटींच्या प्रकल्पाला मान्यता दिली. २०२५ मध्ये बातम्या आल्या की ती बोलणी थांबली. ऑगस्ट २०२५ पर्यंत केंद्राने मंजूर केलेले प्रकल्प दहा, सहा राज्यांत मिळून. त्या सहांत महाराष्ट्र नाही. तेव्हा कागदावरचा करार ऐकून रस्त्याकडेची जमीन विकायची किंवा घ्यायची घाई कुणी करू नका. दलाल आधी पोचतो, कारखाना नंतर.

नाशिकचा धागा मात्र एक आहे. अंबडला ज्या कंपनीला आपण अजून क्रॉम्प्टन म्हणतो, ती सीजी पॉवर. तिने जपान आणि थायलंडच्या कंपन्यांबरोबर साणंदला ७,६०० कोटींचा चिप बांधणीचा कारखाना घेतला आणि २८ ऑगस्ट २०२५ ला तिथली पहिली चाचणी लाइन सुरू झाली.

पाण्याचं बोलल्याशिवाय पुढे जाता येत नाही. तबकडी प्रत्येक थरानंतर धुवावी लागते, तीही अतिशुद्ध पाण्याने. २०२१ मध्ये तैवानात मोठा दुष्काळ पडला. टीएसएमसीने टँकर लावले आणि सरकारने सुमारे ७४,००० हेक्टर शेतीचं पाणी बंद केलं. भातवाल्यांना भरपाई दिली आणि कारखाने चालू ठेवले. पैशाच्या हिशोबाने कदाचित ते बरोबरही असेल. पण गंगापूर धरणातून जायकवाडीला पाणी सोडायचं म्हटलं की आपल्याकडे काय होतं, ते आठवून बघा. कारखाने वापरलेलं बरंच पाणी शुद्ध करून पुन्हा वापरतात, हेही खरं. कुठेही प्रकल्प आला की ग्रामसभेत दोन आकडे मागायचे: रोज किती पाणी लागणार आणि त्यातलं किती फिरवून वापरणार.

आणि आता पोरींचं काम. जगभर चिपांच्या बांधणीत बायकांचे हात फार आहेत. तैवान, मलेशिया, फिलिपाइन्स, सगळीकडे खेड्यातल्या मुलींनीच या लाइनी चालवल्या. डोक्यापासून पायापर्यंत पांढरा झगा, तोंडावर मास्क, पाळीचं काम. महिन्याला पक्का पगार येतो, आणि तो मुलीच्या स्वतःच्या खात्यात येतो, ही लहान गोष्ट नाही. पण दुसरी बाजूही ऐका. दक्षिण कोरियात सॅमसंगच्या चिप कारखान्यात काम करणारी एक मुलगी २००७ मध्ये ऐन विशीत रक्ताच्या कर्करोगाने गेली. तिचे वडील टॅक्सी चालवायचे. त्यांनी आणि इतर कामगारांच्या घरच्यांनी अकरा वर्षं लढा दिला, तेव्हा २०१८ मध्ये कंपनीने जाहीर माफी मागितली आणि भरपाई मान्य केली. म्हणून मुलीला पाठवू नका असं मी म्हणत नाही. माहिती घेऊन पाठवा.

शिक्षणाचं विचाराल तर बांधणी आणि तपासणीच्या लाइनवर आयटीआय किंवा इलेक्ट्रॉनिक्सचा डिप्लोमा उपयोगी पडतो. चिप बनवण्याचा वेगळा डिप्लोमा आणि चिप आखणीची इंजिनिअरिंग पदवी यांचे अभ्यासक्रम एआयसीटीईने २०२३ मध्ये आणले आहेत. आपल्या जवळच्या पॉलिटेक्निकमध्ये ते आहेत का, हे प्रवेशाच्या आधी जाऊन विचारा. फक्त "चिप"चं नाव घेऊन खासगी क्लास मोठी फी मागत असेल, तर आधी गटात दाखवा, मग पैसे भरा.

गावात भरतीवाला आला तर त्याला विचारा, नेमणूकपत्र कंपनीचं मिळणार की ठेकेदाराचं? पीएफ, ईएसआय कुणाच्या नावाने भरणार? राहायची सोय कुठे, तिचे पैसे पगारातून कापणार का? रात्रपाळीला ने-आण कोण करणार? कोणती रसायनं हाताळायची आणि वैद्यकीय तपासणी किती महिन्यांनी होणार? उत्तरं लेखी घ्या, त्यांची एक प्रत मुलीकडे आणि एक गटाच्या फाइलला ठेवा. ठेकेदार लेखी द्यायला नाही म्हणाला, तर मुलीला गाडीत बसवायच्या आधी मला द्वारकेला फोन करा.