सामान्य माणसाचे व्यक्तिचित्र : निरीक्षणात्मक लघुमाहितीपटाचे स्वरूप व जबाबदारी

प्रस्तावना : प्रसिद्धी न लाभलेल्या एखाद्या व्यक्तीचा दिनक्रम निवेदन, मुलाखत व पार्श्वसंगीत शक्यतो टाळून टिपणारा लघुपट म्हणजे निरीक्षणात्मक व्यक्तिचित्र होय. त्याचे स्वरूप व त्यातून उद्भवणारा नैतिक प्रश्न यांचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

पार्श्वभूमी : भारतीय वास्तवचित्रणाच्या आरंभकाळाशी रत्नागिरी जिल्ह्याचा संबंध आहे. दापोलीजवळील मुर्डी येथे जन्मलेले रँग्लर र. पु. परांजपे १९०१ साली केंब्रिजहून परतले, तेव्हा मुंबईत झालेले त्यांचे स्वागत हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी चित्रित केले. येथे व्यक्ती चित्रणास पात्र ठरली ती कीर्तीमुळे. पुढे १९४८ मध्ये स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनच्या अनेक अनुबोधपटांत सामान्य माणूस दिसला. परंतु त्याच्या वतीने बहुधा निवेदकच बोलत असे. १९६० च्या सुमारास हलका कॅमेरा व त्याच्याशी मेळ राखणारे ध्वनिमुद्रण यंत्र वापरात आले आणि माणसाचे स्वतःचे बोलणे जागेवरच टिपणे सुकर झाले.

स्वरूप : रत्नागिरीच्या मिरकरवाडा बंदरावरील एखाद्या मासळीविक्रेत्या स्त्रीवर असा लघुपट करावयाचा झाल्यास लिलावाची बोली, पाटी भरणे, गिऱ्हाइकाशी घासाघीस आणि विक्रीची वाट पाहत बसणे हीच त्याची सामग्री ठरेल. मात्र निरीक्षण म्हणजे तटस्थता नव्हे. अनेक तासांच्या चित्रणातून दहा मिनिटे निवडताना दिग्दर्शकाचे मत त्यात उतरतेच. केवळ घासाघीस ठेवली तर ती भांडखोर वाटेल. केवळ ओझे ठेवले तर दयनीय. प्रत्येक दृश्य खरे असूनही व्यक्तिचित्र खोटे ठरू शकते.

नैतिक प्रश्न : निष्ठा जैन यांच्या ‘लक्ष्मी अँड मी’ (२००७) या माहितीपटात मुंबईत त्यांच्याच घरी काम करणाऱ्या तरुणीचे चित्रण आहे. दिग्दर्शिका स्वतःही पडद्यावर येत असल्याने मालकीण व कामकरी स्त्री यांच्यातील विषमता हाच चित्रपटाचा विषय बनतो. ज्याच्यावर आपली रोजी अवलंबून आहे, त्याच्या कॅमेऱ्यास नकार देणे कितपत शक्य असते, हा प्रश्न त्यातून पुढे येतो.

निष्कर्ष : प्रसिद्ध व्यक्तीची चुकीची प्रतिमा इतर साधनांनी दुरुस्त होऊ शकते. सामान्य माणसाची पडद्यावरील प्रतिमा मात्र बहुधा एकमेव असते. त्यामुळे चित्रीकरणापूर्वी एकदा घेतलेली संमती पुरेशी नाही. संपादित लघुपट त्या व्यक्तीस दाखवून तिचे आक्षेप ऐकणे आवश्यक आहे. महाविद्यालयीन प्रकल्पांत विद्यार्थ्यांकडून असे लघुपट करून घेताना या टप्प्यास मूल्यमापनात स्थान द्यावे; अन्यथा विद्यार्थी तंत्र शिकेल, परंतु समोरच्या माणसाचा मान राखणे शिकणार नाही.